चांदीवाचून चांदी

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतील ओनायडा कंपनीने मुलाम्याच्या काट्याचमच्यांची मोठी जाहिरात केली. चित्रात चमचे थोडे. घरी परतलेला सैनिक व त्याची प्रियाच अधिक! लग्नाळू मुली ती चित्रे कापून भिंतीवर लावीत.

आपल्याकडे ही मोहिनी बोहारणीच्या टोपलीत असे. जुने लुगडे द्या, झकझकीत वाटी घ्या. नावेही फसवी. तांबे, जस्त, निकेल मिळून 'जर्मन सिल्व्हर'. चांदी गुंजभरही नाही. आणि ॲल्युमिनियमचा गंज तोही 'जर्मनचा'च!

मग स्टेनलेस स्टील आले. कल्हई नको, आंबट कळकण्याचे भय नाही. पण बायकांना भुलवले ते चांदीसारख्या लकाकीने. त्यापायी किती घरांतल्या भंडाऱ्याच्या पितळी घागरी मोडीत निघाल्या! त्यांवर ठोकून कोरलेले आजीचे नावही दुकानदाराने पितळेच्याच भावाने तोलले.