गृहकर्जाची खरी किंमत : मासिक हप्त्यामागचे वीस वर्षांचे गणित

घरासाठी कर्ज घेताना बहुतेक कुटुंबे एकच प्रश्न विचारतात : महिन्याचा हप्ता किती? पगारातून, शेतीच्या उत्पन्नातून किंवा दुकानाच्या गल्ल्यातून तेवढी रक्कम निघेल असे वाटले की कागदांवर सह्या होतात. मात्र हप्ता ही कर्जाची किंमत नव्हे. ती किंमत फेडण्याची केवळ पद्धत आहे. खरी किंमत कर्जाची मुदत, व्याजाचा दर, दरातील चढउतार आणि सुरुवातीला भरावे लागणारे खर्च यांच्या बेरजेतून ठरते. शेवटचा हप्ता फिटेपर्यंत ती पुष्कळदा मूळ रकमेच्या दुप्पट झालेली असते.

गहाणाचे स्वरूप

मराठी मुलखाला गहाणाचे व्यवहार नवे नाहीत. कब्जेगहाणात मिळकतीचा ताबा सावकाराकडे जात असे आणि नजरगहाणात तो ऋणकोकडेच राहत असे. आजचे गृहकर्ज हे बहुतांशी दुसऱ्या प्रकाराचे आधुनिक रूप आहे. घरात कर्जदार राहतो, मूळ दस्तऐवज मात्र बँकेकडे तारण राहतात. १८८२च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने दस्तऐवज ठेव देऊन केलेल्या गहाणाला मान्यता दिलेली आहे.

परतफेड समान मासिक हप्त्याने होते. प्रत्येक हप्त्याचे दोन भाग असतात : त्या महिन्याचे व्याज आणि मुद्दलाची थोडी परतफेड. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर आकारले जाते. म्हणून आरंभी मुद्दल मोठे असताना हप्त्याचा बहुतेक भाग व्याजात जातो आणि उत्तरार्धात हे प्रमाण उलटते. कर्जाचे सारे मर्म या साध्या नियमात आहे.

वीस लाखांचा हिशेब

२० लाख रुपयांचे कर्ज, ८.५ टक्के वार्षिक दर आणि २० वर्षांची मुदत धरली तर मासिक हप्ता सुमारे १७,३५६ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील १४,१६७ रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दलात जेमतेम ३,१९० रुपये जमा होतात. पाच वर्षांत कर्जदार १० लाख ४१ हजार रुपये भरतो, परंतु कर्ज कमी होते ते केवळ २ लाख ३७ हजारांनी. निम्मी मुदत, म्हणजे दहा वर्षे, संपते तेव्हाही सुमारे १४ लाख रुपये देणे उरलेले असते. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होण्यासाठी १४३ वा हप्ता उजाडावा लागतो. म्हणजे बारावे वर्ष सरत आलेले असते.

मुदत बदलली की चित्र कसे पालटते, ते पुढील आकड्यांवरून दिसेल. कर्ज व दर तेच आहेत.

१० वर्षे : हप्ता २४,७९७ रुपये, एकूण व्याज ९ लाख ७६ हजार
१५ वर्षे : हप्ता १९,६९५ रुपये; एकूण व्याज १५ लाख ४५ हजार
२० वर्षे : हप्ता १७,३५६ रुपये, एकूण व्याज २१ लाख ६६ हजार
३० वर्षे : हप्ता १५,३७८ रुपये, एकूण व्याज ३५ लाख ३६ हजार

वीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेतल्यास हप्ता दोन हजारांनीसुद्धा घटत नाही. व्याज मात्र पावणेचौदा लाखांच्या घरात वाढते. उलट महिन्याला सुमारे २,३४० रुपये अधिक भरून मुदत पंधरा वर्षांवर आणली, तर सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. ‘हप्ता कमी’ या शब्दांचा अर्थ पुष्कळदा ‘कर्ज महाग’ असाच असतो.

दामदुप्पट : जुना नियम, नवा अर्थ

वीस वर्षांच्या वरील कर्जात व्याज मुद्दलाहून अधिक होते. जुन्या पिढीला येथे दामदुप्पट हा शब्द आठवेल. एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलापेक्षा अधिक असू नये, हा तो नियम. त्याचे मूळ मनुस्मृतीसारख्या धर्मशास्त्रग्रंथांत सापडते आणि ब्रिटिश अमदानीत मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनी हिंदू ऋणकोंच्या बाबतीत तो मानला. मात्र नियमाची मर्यादा ध्यानात घ्यावी लागते. तो एका वेळी थकलेल्या व्याजाविषयी होता. वेळोवेळी भरलेल्या व्याजाच्या बेरजेविषयी नव्हता. म्हणून दरमहा नियमित व्याज भरणारा कर्जदार वीस वर्षांत मुद्दलाहून अधिक व्याज देतो, तेव्हा तो नियम त्याच्या मदतीला येत नाही.

१८७५च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सुरू झालेल्या दख्खनच्या दंग्यांत शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे हिसकावून जाळले. त्यानंतर १८७९मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला आणि रोख्यावरील आकड्यामागे जाऊन संपूर्ण व्यवहाराचा हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायालयांना मिळाला. ऋणकोला कागदावरची रक्कम दिसत असे, ती कशी वाढत गेली ते मात्र कळत नसे. आजच्या गृहकर्जदारालाही हिशेब समजून घेण्याची तेवढीच निकड आहे. फरक एवढाच, की आज तो हिशेब मागण्याचा हक्क त्याला नियमांनीच दिलेला आहे.

दर बदलतो तेव्हा

आजची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून वाणिज्य बँकांना अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य मापदंडाशी जोडावी लागतात आणि तीन महिन्यांतून किमान एकदा दर नव्याने ठरवावा लागतो. गृहवित्त कंपन्या मात्र स्वतःचा आधारदर वापरतात. त्यामुळे रेपो दरातील कपात त्यांच्या जुन्या ग्राहकांपर्यंत पोहोचली की नाही, याकडे लक्ष ठेवणे आवश्यक असते.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. ६.७५ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतलेल्या २० लाखांच्या कर्जाचा हप्ता १५,२०७ रुपये होतो. दर ९.२५ टक्के झाला आणि येणे तेवढेच असले, तर केवळ महिन्याचे व्याज १५,४१७ रुपये होते. म्हणजे हप्ता पूर्ण भरूनही कर्ज घटण्याऐवजी वाढू लागते. त्या काळात अनेक बँकांनी हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवली. हप्ता बदलला नाही म्हणून कर्जदार निश्चिंत राहिले आणि परतफेड निवृत्तीच्या वयापलीकडे गेल्याचे काहींना फार उशिरा कळले.

या पार्श्वभूमीवर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. दर नव्याने ठरताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे बदलायचे, ही निवड कर्जदाराला देणे बंधनकारक झाले. मुदतवाढीमुळे हप्त्यातून व्याजही भागू नये अशी स्थिती येऊ न देण्याची जबाबदारी कर्ज देणाऱ्या संस्थेवर आली. आजवर वसूल केलेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरण दर तिमाहीला मिळणे हाही कर्जदाराचा हक्क ठरला. २०२५मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने ५.२५ टक्क्यांवर उतरला. अशा वेळी हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवला, तर मुदत झपाट्याने घटते.

व्याजापलीकडचा खर्च

प्रक्रिया शुल्क आणि त्यावरील १८ टक्के वस्तू व सेवा कर, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाचे मुद्रांक शुल्क हे खर्च कर्जाच्या जाहिरातीत ठळकपणे दिसत नाहीत. त्यात सर्वांत फसवा ठरतो तो कर्जातच मिळवलेला विम्याचा एकरकमी हप्ता. ६० हजार रुपयांचा विमा मुद्दलात मिसळला, तर ८.५ टक्के दराने वीस वर्षांत त्याचे सुमारे १ लाख २५ हजार रुपये होतात. विमा घेऊ नये असे नव्हे. घरातील कमावत्या व्यक्तीसाठी तो आवश्यकच आहे. पण तो स्वतंत्रपणे, वार्षिक हप्त्याने घेण्याचा पर्याय आधी तपासावा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जासाठी प्रमुख तथ्यांचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात शुल्कांसह येणारा वार्षिक टक्केवारी दर नमूद असतो. दोन संस्थांची तुलना करायची ती याच आकड्यावरून.

‘सरळ दर’ सांगणाऱ्या छोट्या वित्तसंस्थांबाबत अधिक सावध राहावे. २ लाख रुपये पाच वर्षांसाठी सरळ १० टक्के दराने घेतले, तर व्याज १ लाख आणि हप्ता ५,००० रुपये होतो. मुद्दल दरमहा घटत असूनही व्याज मूळ रकमेवरच धरले जात असल्याने त्याचा खरा वार्षिक दर सव्वासतरा टक्क्यांच्या आसपास पडतो.

इच्छापूरसारख्या गावात

मध्य प्रदेशातील बुऱ्हाणपूर जिल्ह्यातले इच्छापूर हे महाराष्ट्राच्या सीमेला लागून असलेले गाव टेकडीवरील इच्छादेवीच्या मंदिरामुळे आणि इंदूर–इच्छापूर महामार्गाच्या नावामुळे दूरवर परिचित आहे. जिल्ह्याचे अर्थकारण केळीच्या बागा आणि बुऱ्हाणपूर शहरातील यंत्रमागांवर उभे आहे. अशा भागात गृहकर्जाच्या दोन खास अडचणी दिसतात.

पहिली उत्पन्नाच्या लयीची. केळीचा पैसा घड कापणीला आला की हाती येतो, यंत्रमाग कामगाराची मजुरी कामाच्या मापाने ठरते, हप्ता मात्र दर महिन्याच्या ठरलेल्या तारखेला कापला जातो. म्हणून हप्ता चांगल्या महिन्यांवर नव्हे, तर हलक्या महिन्यांवर बेतावा आणि किमान सहा हप्त्यांची रक्कम वेगळी राखून ठेवावी. पीक चांगले आले की एकरकमी मुद्दल फेडावे.

दुसरी अडचण मालकीच्या कागदांची. गावठाणातील पिढीजात घरांना अनेकदा मालकीचा दस्तच नसे आणि त्यामुळे बँकेचे दार बंद राहून महाग कर्जाची वाट धरावी लागे. २४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने मोजणी करून अशा घरांना अधिकार अभिलेख देण्यात येतात. मध्य प्रदेश हे त्यातील आरंभीच्या राज्यांपैकी एक. शेतजमिनीवर घर बांधायचे असल्यास तिचे डायव्हर्शन, म्हणजेच सीमेपलीकडच्या महाराष्ट्रातील भाषेत एन.ए., झालेले असावे लागते. इकडे सातबारा तर तिकडे खसरा व ऋणपुस्तिका, असा कागदांचाही फरक आहे. कागद पक्के असतील तर दर कमी मिळतो. कर्जाची खरी किंमत अशा रीतीने तहसील कार्यालयापासूनच ठरू लागते.

नियमांचा गाभा देशभर सारखा असला, तरी मालकीचे कायदे प्रदेशानुसार बदलतात. गोव्यात पोर्तुगीजकालीन नागरी संहितेमुळे सर्वसाधारणपणे पती-पत्नीची मालमत्ता सामाईक मानली जाते. त्यामुळे तेथे घर गहाण ठेवताना जोडीदाराच्या संमतीला विशेष महत्त्व आहे.

मुदतपूर्व परतफेड

वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड आकारण्यास बँकांना २०१२ पासून मनाई आहे. या सवलतीचा लाभ जितका लवकर घ्यावा तितका मोठा. वरील कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २६ हप्ते कमी होतात आणि साडेतीन लाखांच्या आसपास व्याज वाचते. तेच लाख रुपये दहाव्या वर्षाच्या अखेरीस भरले, तर सुमारे १३ हप्ते आणि सव्वा लाख रुपये वाचतात. रक्कम भरताना ‘हप्ता नको, मुदत कमी करा’ असे लेखी कळवावे.

दुसरी बाजू

एकूण परतफेडीचा आकडा पाहून घाबरून जाणेही योग्य नाही. महागाई वर्षाला सरासरी ५ टक्के राहिली, तर विसाव्या वर्षातील १७,३५६ रुपयांचे मोल आजच्या साडेसहा हजारांइतकेच उरेल. त्या काळातले घरभाडेही वाचलेले असते. करसवलतीचा भरवसा मात्र जपून धरावा : स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावरील वार्षिक २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते, नव्या प्रणालीत नाही.

धोका असतो तो हप्ते थकण्याचा. ९० दिवसांहून अधिक थकबाकी राहिली की खाते अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२च्या सरफेसी कायद्यानुसार ६० दिवसांची नोटीस देऊन संस्था तारण घराचा ताबा घेऊ शकते. थकबाकी होण्याआधीच बँकेला लेखी कळवून हप्त्यांची फेररचना मागणे, हा यावरचा पहिला उपाय होय.

सही करण्यापूर्वी

कर्जदाराने संस्थेकडून पाच गोष्टी लेखी घ्याव्यात : वार्षिक टक्केवारी दर, संपूर्ण मुदतीचे एकूण व्याज, महिनावार परतफेडीचा तक्ता, दर एक व दोन टक्क्यांनी वाढल्यास येणारा हप्ता आणि सर्व शुल्कांची यादी. मुदत कर्जदाराच्या साठाव्या वर्षापूर्वी संपते का, हेही पाहावे. कर्ज फिटल्यावर ३० दिवसांच्या आत मूळ दस्तऐवज परत मिळाले पाहिजेत; संस्थेमुळे विलंब झाल्यास प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. दस्तऐवज हाती आले आणि नोंदीतील बँकेचा बोजा उतरला, की मगच घर खऱ्या अर्थाने मोकळे झाले असे समजावे.