'गोजिरा' (१९५४) : राक्षसपट आणि युद्धोत्तर जपानचे समाजमन

राक्षसपटांकडे केवळ बालरंजन म्हणून पाहण्याची प्रवृत्ती अभ्यासकांमध्येही आढळते. ३ नोव्हेंबर १९५४ रोजी जपानमध्ये प्रदर्शित झालेल्या 'गोजिरा'बाबत मात्र ही दृष्टी अपुरी पडते.

हिरोशिमा व नागासाकीच्या संहारानंतर जपानवर एप्रिल १९५२ पर्यंत विजेत्या राष्ट्रांचा लष्करी अंमल होता. त्याच्या प्रारंभीच्या वर्षांत अणुबाँबविषयक लेखनावर कडक निर्बंध होते. त्यामुळे शोकाला उघड वाचा फुटली नव्हती. १ मार्च १९५४ रोजी अमेरिकेने बिकिनी बेटावर केलेल्या हायड्रोजन बाँबच्या चाचणीची किरणोत्सर्गी राख 'दाइगो फुकुर्यू मारू' या मासेमारी नौकेवर पडली. २३ खलाशी बाधित झाले. त्यांपैकी एकाचा सप्टेंबरमध्ये मृत्यू झाला. चित्रपटाच्या आरंभी समुद्र अकस्मात प्रकाशाने उजळतो आणि एक जहाज नष्ट होते. हा संदर्भ तत्कालीन प्रेक्षकाला समजावून सांगण्याची गरज नव्हती.

दिग्दर्शक इशिरो होंडा यांनी १९४६ मध्ये युद्धावरून परतताना हिरोशिमाचे भग्नावशेष पाहिले होते. त्यांच्या चित्रपटात विध्वंसानंतरची दृश्ये विध्वंसाइतकीच महत्त्वाची आहेत. जखमींनी भरलेले रुग्णालय, बालकाच्या अंगाजवळ धरलेले किरणोत्सर्गमापक यंत्र, शाळकरी मुलींचे प्रार्थनागीत, ही सारी युद्धकालीन स्मृतीच होय. आगगाडीतील एक तरुणी तर आपण नागासाकीतून वाचल्याचे सहज बोलून जाते.

तथापि चित्रपटाचा खरा पेच डॉ. सेरिझावा या शास्त्रज्ञाच्या ठायी आहे. गोजिराला मारू शकणारा शोध त्यांच्यापाशी आहे. परंतु तो उघड होताच त्याचेही शस्त्र होईल, हे ते जाणतात. अखेरीस ते आपली टिपणे जाळतात आणि समुद्रतळाशी गोजिरासमवेत स्वतःचाही अंत करून घेतात. राक्षस मरतो, पण सुटकेचा आनंद प्रेक्षकाच्या वाट्याला येत नाही. अणुचाचण्या चालू राहिल्या तर दुसरा गोजिरा अवतरेल, अशी शंका वृद्ध पुराजीवशास्त्रज्ञ यामाने बोलून दाखवतात.

१९५६ च्या अमेरिकी आवृत्तीत रेमंड बर या नटाने साकारलेला अमेरिकी पत्रकार नव्याने घालण्यात आला. नागासाकीचा उल्लेख व यामानेंचा अंतिम इशारा गाळण्यात आला. शेवट दिलाशाचा झाला. उरला तो बव्हंशी एक अजस्र प्राणी. पुढे जगभर लोकप्रिय झाला तो हाच. मूळ चित्रपट अमेरिकेतील चित्रपटगृहांत व्यापक प्रमाणावर पोहोचण्यास २००४ साल उजाडावे लागले.