हौशी माया डेरेन

ज्यू नट्यांचा विषय निघाला की आपल्या लोकांच्या तोंडी सुलोचना, प्रमिला, नादिरा ही नावे येतात. ही सारी मोठ्या पडद्यावरची नावे. परंतु स्टुडिओच्या वाऱ्यालाही उभी न राहता घरच्या घरी चित्रपट काढणारी आणि त्यांत स्वतःच काम करणारी एक ज्यू बाई अमेरिकेत होऊन गेली. तिचे नाव माया डेरेन. आपल्यापैकी थोड्यांनीच ते ऐकले असेल, म्हणून हा लेखनप्रपंच.

माया १९१७ साली कीव्ह शहरी जन्मली. मूळ नाव एलिओनोरा. वडील मनोविकारांचे डॉक्टर होते. ज्यूंवरील हल्ल्यांमुळे १९२२ साली हे कुटुंब अमेरिकेत, सिराक्यूज गावी आले. मुलीने इंग्रजी साहित्यात एम. ए. केले आणि पुढे कॅथरीन डनहॅम या नर्तकीच्या संचात चिटणिसाचे काम धरले. १९४२ साली अलेक्झांडर हमिड या चेक छायाचित्रकाराशी तिचे लग्न झाले. १९४३ साली वडील वारले. त्यांच्या मागे मिळालेल्या पैशांतून तिने १६ मिलिमीटरचा एक जुना बोलेक्स कॅमेरा घेतला, आणि त्याच वर्षी माया हे नावही घेतले.

त्या कॅमेऱ्याने नवराबायकोने आपल्या राहत्या घरी 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' हा सुमारे १४ मिनिटांचा मूकपट तयार केला. फूल, किल्ली, सुरी, जिना आणि खिडकी एवढेच त्यातील सामान. एक बाई दुपारी झोपते आणि स्वप्नात स्वतःलाच पुन्हा पुन्हा घरात शिरताना पाहते. शेवटी एकाच टेबलाशी तीन माया बसतात! हॉलिवूडवाल्यांना लिपस्टिकला जेवढा खर्च येतो, तेवढ्यात आपला चित्रपट होतो, असे ती म्हणत असे.

१९४४ सालच्या 'ॲट लँड' मध्ये समुद्राने किनाऱ्यावर टाकलेली माया वर चढते ती थेट मेजवानीच्या टेबलावर. ताटांमधून ती सरपटत जाते, पण जेवणाऱ्यांपैकी कोणी मान वळवून पाहत नाही. आम्ही उभा जन्म रुग्णसेवेत घालवला. भरल्या वॉर्डात आपण असून नसल्यासारखे असणे म्हणजे काय, हे आम्हांला त्या टेबलावरून वेगळे समजावून घ्यावे लागले नाही.

असे चित्रपट दाखवणार कोण? तेव्हा १९४६ साली तिने न्यूयॉर्कमधील प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस हे छोटे नाट्यगृह भाड्याने घेतले आणि स्वतःच खेळ लावले. ही गर्दी लोटली! प्रेक्षकांत व्हिएन्नाहून आलेले ज्यू निर्वासित एमॉस व्होगेल होते. त्यांनी पुढच्याच वर्षी 'सिनेमा १६' ही संस्था काढली आणि स्टुडिओबाहेरच्या चित्रपटांना हक्काचा पडदा मिळाला. १९४६ सालीच मायाला गुगेनहाइम शिष्यवृत्तीही मिळाली.

मान मिळाला, पण पैसा आला नाही. फिल्मचे डबे घेऊन ती विद्यापीठांतून व्याख्याने देत हिंडली. १९६१ साली मेंदूतील रक्तस्रावाने ती गेली, तेव्हा तिचे वय अवघे ४४ होते. 'मेशेस' अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट सूचीत दाखल झाला तो १९९० साली.

१९५९ साली एका लेखात तिने लिहिले की, हौशी माणसाने धंदेवाल्यांचा हेवा करू नये. हौशी याचा तिकडचा मूळ अर्थच प्रेमापोटी काम करणारा असा आहे, आणि त्याच्यावर कोणाचा हुकूम चालत नाही. आपल्याकडे हौसेला मोल नाही म्हणतात. मायाने ते मोल आपल्या अंगावर मोजले, हे विसरून तिचे नुसते कौतुक करू नये. तिच्या नावाचा अर्थ भास, हे तर खरेच. पण मराठीत माया म्हणजे जिव्हाळाही, आणि तोच अर्थ आम्हांला तिच्या कामाला अधिक साजेसा वाटतो.

आज नातवंडांच्या हाती फोनमध्येच कॅमेरा आहे. त्यांनी घरात काही चित्रित करायला घेतले, तर 'हे काय पोरखेळ' म्हणून हिणवू नका. जमल्यास त्यांच्यासह 'मेशेस' पाहा. पहिल्यांदा उमगला नाही, तर पुन्हा पाहा; चौदाच मिनिटांचा तर आहे!