'पॉस्ट्युमस'मधील 'एच्'

ज्या शब्दाविषयीं आज मी बोलणार आहें, त्याची फोड मीं तीसएक वर्षें मुलांना चुकीची शिकविली. म्हणून ह्या भाषणास थोडेंसें कबुलीजबाबाचें स्वरूप आलें, तर क्षमा असावी.

इंग्रजीनें लॅटिन भाषेकडून 'पोस्ट' हा उपसर्ग घेतला. त्याचा अर्थ 'मागाहून', 'नंतर'. पत्र पुरें झाल्यावर खालीं जें लिहावयाचें तें 'पोस्टस्क्रिप्ट', म्हणजे आपला ताजा कलम. काम मागाहूनच्या वेळेवर नेऊन ठेवणें तें 'पोस्टपोन'. आणि घड्याळाच्या आंकड्यापुढील 'पी. एम्.' म्हणजे 'पोस्ट मेरिडिएम', मध्याह्नानंतर. टपालाचा 'पोस्ट' मात्र ह्या घराण्यांतला नव्हे. तो 'ठेवणें' ह्या अर्थाच्या लॅटिन धातूपासून निघाला. ठराविक अंतरावर ठेवलेल्या निरोप्यांच्या व घोड्यांच्या चौक्या, तो तो पोस्ट. गंमत अशी कीं 'पोस्टपोन'च्या शेपटाशीं त्याचें नातें आहे, डोक्याशीं नाहीं. मुलें येथें हटकून फसत, आणि पोस्टमास्तर म्हणजे मागाहून येणारा मास्तर असा अर्थ लावून हसत. पावसाळ्यांत मी नदीपलीकडून शाळेंत उशिरानें येईं, हें त्यांना ठाऊक होतें.

आतां मुख्य शब्द. पित्याच्या निधनानंतर जन्मलेलें मूल, किंवा ग्रंथकार गेल्यावर छापलेला ग्रंथ, ह्यांस इंग्रजींत 'पॉस्ट्युमस' म्हणतात. लिहितांना मध्यें 'एच्' येतो, बोलतांना तो गिळतात. मी फळ्यावर फोड करीं : 'पोस्ट' म्हणजे नंतर, 'ह्युमुस' म्हणजे माती, मूठमाती दिल्यानंतरचा तो पॉस्ट्युमस. फोड इतकी सुबक कीं कोणास शंका येऊं नये.

एके वर्षीं मागच्या बाकावरील एका मुलानें उभें राहून विचारलें, "म्हणजे माझ्यासारखा, गुरुजी?" त्याच्या जन्मापूर्वीं त्याचे वडील गेले होते. तीन बहिणींच्या पाठीवरचा तो मुलगा; गांवांतील बायका त्यास 'बापाच्या मुळावर आलेला' म्हणत. मीं 'होय' म्हटलें आणि पुढच्या शब्दाकडे वळलों. तो खालीं बसला. त्यानंतर त्यानें वर्गांत कधीं प्रश्न विचारल्याचें मला स्मरत नाहीं.

निवृत्त झाल्यावर मोठा कोश निवांत चाळतांना माझी चूक मला कळली. मूळ लॅटिन शब्द 'पोस्टुमुस'. त्यांत 'एच्' नाहीं आणि मातीही नाहीं. 'पोस्टेरुस' म्हणजे मागाहून येणारा. त्याचें तमभाववाचक रूप 'पोस्टुमुस', म्हणजे सर्वांच्या शेवटीं आलेला, आपण ज्यास शेंडेफळ म्हणतों तो. पित्याच्या पश्चात् जन्मलेल्यापुढें दुसरें भावंड येणें नाहीं, म्हणून त्यास तो शब्द विशेषेंकरून लागला. पुढें लोकांना 'ह्युमुस' आठवला आणि त्यांनीं मधें 'एच्' घुसडला. माझ्यासारखेच सुबक फोड करणारे लोक ते!

ह्या दोन अर्थांविषयीं रोमन पंडितांतही वाद होता. व्हर्जिलच्या महाकाव्यांत ईनिअसच्या सिल्व्हिअस नांवाच्या पुत्रास हें विशेषण आहे. तो म्हातारपणींचा शेवटचा मुलगा, कीं पित्यामागें जन्मलेला? दुसऱ्या शतकांतील ऑलस गेलिअसनें हा वाद नोंदून ठेविला आहे. रोमन कायद्यास मात्र दुसऱ्या अर्थाशींच कर्तव्य. मृत्युपत्रांत ज्याची तरतूद नाहीं असा पोस्टुमुस घरांत जन्मास आला, कीं तें मृत्युपत्रच मोडे. ऑगस्टस बादशहाचा नातू आग्रिप्पा पोस्टुमुस हें नांवच घेऊन वाढला, पण इ. स. १४ मध्यें आजोबा वारतांच त्याचा वध झाला. गादीजवळ जन्मलेल्या अशा मुलाचें रक्षण करण्यास कायदा पुरत नाहीं, माणसें लागतात.

तीं माणसें आपल्या इतिहासांत एकदां भेटलीं. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं शनिवारवाड्यांत नारायणराव पेशव्यांचा खून झाला, तेव्हां गंगाबाई गरोदर होत्या. पेशवाई रघुनाथरावांकडे गेली. नाना फडणीस, सखारामबापू प्रभृति बारभाईंनीं गंगाबाईंस पुरंदरावर नेऊन ठेविलें आणि त्यांच्या नांवानें कारभार चालविला. मुलगा होईल कीं मुलगी, जगेल कीं नाहीं, कांहींच ठाऊक नसतां एवढें राज्य एका गर्भाच्या आशेवर उभें राहिलें. मुलगी झाली असती तर बारभाईंनीं काय केलें असतें, हा प्रश्न मीं वर्गांत दरवर्षीं विचारीत असें. समाधानकारक उत्तर मला स्वतःलाही कधीं देतां आलें नाहीं. १८ एप्रिल १७७४ रोजीं सवाई माधवराव जन्मले, आणि चाळिसाव्या दिवशीं त्यांस पेशवाईचीं वस्त्रें मिळालीं. रघुनाथराव इंग्रजांकडे गेले. १७७५ च्या मार्चमध्यें सुरतेचा तह झाला आणि पहिलें इंग्रज-मराठा युद्ध पेटलें.

ज्या बाळाकरितां गड राखला, त्यास 'मुळावर आलेला' कोण म्हणेल? आणि साध्या घरांतील बाळासही आज कायद्याचा तोच आधार आहे : १९५६ च्या हिंदु वारसा कायद्याच्या कलम २० प्रमाणें पित्याच्या मृत्यूसमयीं गर्भांत असून पुढें जिवंत जन्मलेलें अपत्य इतरांच्या बरोबरीनें वारस ठरतें.

त्या विद्यार्थ्याचा पत्ता मीं मिळविला. आतां तोही दोन मुलांचा बाप आहे. पत्रांत ख्यालीखुशालीच लिहिली. शब्दाची गोष्ट धीर करून खालीं ताजा कलमांत घातली. आठव्या दिवशीं कार्ड आलें. "शेंडेफळ हा अर्थ आईस वाचून दाखविला," एवढेंच त्यांत होतें, आणि खालीं सही.