जाणणे आणि करणे : चीन व गिरगाव

चीनच्या जुन्या तत्त्वज्ञानाशी गिरगाव-परळच्या बायकांचे नाते काय, असे मथळा वाचून कोणीही भगिनी विचारील. गिरगावच्या सुधारकांनी चिनी ग्रंथ वाचून काही केले, असे मला मुळीच म्हणावयाचे नाही. परंतु जुना धर्मविचार नव्याने मांडण्याचा उद्योग दोन्हीकडे झाला, आणि दोन्हीकडे त्याची खरी परीक्षा घरातल्या विधवेपाशी झाली. म्हणून ही दोन चित्रे शेजारी शेजारी ठेवावीशी वाटली.

कन्फ्यूशियस हा चीनचा थोर आचार्य ख्रिस्तापूर्वी सहाव्या-पाचव्या शतकात होऊन गेला. आईबापांची सेवा, वडीलधाऱ्यांचा मान, राजा व प्रजा यांची कर्तव्ये हा त्याच्या शिकवणीचा गाभा. पुढे आपल्या देशातून बौद्ध धर्म तिकडे गेला आणि त्याने शेकडो वर्षे विद्वानांची मने ओढून घेतली. मन म्हणजे काय, जग कशाचे बनले, अशा प्रश्नांचा भिक्षूंनी खोल विचार केला होता. त्या तोडीचे उत्तर सुंग राजवटीतील (९६०–१२७९) काही पंडितांनी कन्फ्यूशियसच्याच परंपरेतून उभे केले. त्यालाच नव-कन्फ्यूशियन विचार म्हणतात. चू शी (११३०–१२००) हा त्यांतला अग्रणी. प्रत्येक वस्तूत एक तत्त्व आहे, त्याचे नाव 'ली'. आणि वस्तू ज्या द्रव्याची घडते ते 'ची'. वस्तूंचा व ग्रंथांचा कसून अभ्यास केला की तत्त्व उमगते, असे तो शिकवी. त्यासाठी घरदार सोडून मठात जाण्याचे कारण नाही. संसारात राहून आपले कर्तव्य नीट करणे हीच साधना. त्याने भाष्य केलेले चार ग्रंथ १३१३ च्या राजाज्ञेने सरकारी परीक्षांना लागले, आणि १९०५ साली त्या परीक्षा बंद होईपर्यंत उमेदवार ते घोकीत राहिले.

घर हेच साधनेचे ठिकाण, हे ऐकून आपल्याला बरे वाटते. पण त्या घरातील स्त्रीचे काय? चू शीच्या आधीचा आचार्य छंग यी (१०३३–११०७) याला कोणी विचारले की, निराधार विधवेने पोटासाठी पुन्हा लग्न करावे काय? उपासमारीने मरणे त्याला लहान गोष्ट वाटली आणि पातिव्रत्य मोडणे मोठी. नवल असे की, याच्याच वडिलांनी विधवा झालेल्या भाचीचा पुनर्विवाह लावून दिला होता, आणि वडिलांचे चरित्र लिहिताना छंग यीने ते कौतुकाने नोंदविले! पुढच्या पिढ्यांनी मात्र वडिलांची करुणा विसरून मुलाचे कठोर वचन तेवढे धरून ठेवले. मिंग राजवटीत (१३६८–१६४४) तरुणपणापासून वैधव्य पाळणाऱ्या स्त्रीच्या घराला सरकारी सन्मान मिळे आणि वेठीतून सूट मिळे. मग सुनेने लग्न करू नये असे सासरला का न वाटावे?

आता गिरगावात येऊ. ३१ मार्च १८६७ रोजी डॉ. आत्माराम पांडुरंग व त्यांच्या स्नेह्यांनी मुंबईत प्रार्थना समाज स्थापिला. पुढे न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे व डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर त्यात आले. समाजाचे मंदिर गिरगावात उभे राहिले. तो नाका आजही प्रार्थना समाज याच नावाने ओळखला जातो. या मंडळींनीही जुने टाकून दिले नाही. तुकोबादी संतांचे अभंग उपासनेत घेतले, आणि संसारात राहूनच एका ईश्वराची भक्ती करावी असे सांगितले. चू शीशी साम्य आहे ते इतके. भेद असा की, विधवेचे दुःख हा येथे लाजेचा विषय मानला गेला. विधवाविवाहाचा कायदा १८५६ सालीच झाला होता. आता त्या विवाहाला शास्त्राचा आधार आहे, असे हे पंडित सांगू लागले.

पण सांगणे वेगळे. १८७३ साली रानड्यांच्या प्रथम पत्नी निवर्तल्या. विधवाविवाहाचा हा पुरस्कर्ता आता विधवेशीच लग्न करील, अशी स्नेह्यांची अपेक्षा होती. वडिलांच्या आग्रहापुढे रानडे नमले आणि बत्तिशीच्या उंबरठ्यावर असताना अकरा वर्षांच्या रमाबाईंशी त्यांचे लग्न झाले. येथे मला चीनचाच दुसरा तत्त्ववेत्ता वांग यांग-मिंग (१४७२–१५२९) आठवतो. जे आचरणात उतरत नाही ते कळलेच नाही, असा त्याचा सिद्धांत. त्या कसोटीने त्या दिवशी रानडे उणे पडले. मात्र तेथेच थांबले नाहीत. घरातील बायकांचा रोष ओढवून त्यांनी रमाबाईंना शिकविले. त्याच रमाबाई १९०८ साली मुंबईत सेवासदन निघाले तेव्हा त्याच्या अध्यक्षा झाल्या.

१८८९ साली पंडिता रमाबाईंनी गिरगाव चौपाटीजवळ शारदा सदन काढले. तेथे आरंभीच्या विद्यार्थिनींत गोदूबाई ही बालविधवा होती. १८९३ साली धोंडो केशव कर्वे यांनी तिच्याशी विवाह केला. मुरूडला त्यांच्यावर बहिष्कार पडला, तो त्यांनी सोसला. रानड्यांना जे १८७३ साली जमले नाही, ते वीस वर्षांनी कर्व्यांनी करून दाखविले. त्या दोघांमध्ये पांडित्य रानड्यांचे मोठे. पण त्या वेळी विधवांना धीर आला तो कर्व्यांच्या कृतीने. १९०६ साली प्रार्थना समाजाचेच प्रचारक विठ्ठल रामजी शिंदे यांनी परळला अस्पृश्य मुलांसाठी शाळा उघडली. त्यांच्या भगिनी जनाबाई त्या कार्यात राबल्या. समानतेचा उपदेश गिरगावच्या मंदिरात पुष्कळ झाला असेल. तो परळच्या शाळेत मुलांच्या शेजारी बसला तेव्हा खरा झाला.

चीनमध्येही शब्दाला जागणारे निघालेच. वांगच्या परंपरेतील ली झी (१५२७–१६०२) याने, बायकांची दृष्टी आखूड म्हणून त्यांना सत्य कळत नाही, हे मत लेखी खोडून काढले. दृष्टी आखूड असेल तर ती उंबऱ्याआड कोंडल्यामुळे, असा त्याचा रोख होता. त्याच्या मतांपायी त्याला कैद झाली आणि तुरुंगातच त्याने देह ठेवला. तेथे राजसत्तेने पातिव्रत्याच्या कमानी उभारल्या आणि असा माणूस कोंडला. येथे जातभाईंचा बहिष्कार होता, पण शाळा काढायला मोकळीक होती. विचार सारखा असला तरी फळ वेगळे येते ते यामुळे.

धर्माची नवी मांडणी कोणी घेऊन आला, तर ती किती खोल आहे हे पंडितांनी पाहावे. आपण बायकांनी एवढेच विचारावे की, या विचाराने घरातल्या सर्वांत दुबळ्या बाईच्या ताटात, तिच्या पाटीपुस्तकात आणि तिच्या निवडीच्या हक्कात काय भर पडली. मंडळाच्या हळदीकुंकवाला आजही एखाद्या विधवा भगिनीला बोलवावे की नाही, अशी कुजबूज कोठे कोठे होते. शारदा सदन याच गिरगावात उघडले, हे आपण सगळ्याजणी जाणतो. यंदा पहिले बोलावणे तिच्या दारी जावे.