महाकाय प्रक्षेपकांचा इतिहास: सॅटर्न-५, एन-१ आणि जमिनीवरची चाचणी

पृथ्वीनजीकच्या कक्षेत २० टनांहून अधिक भार नेणाऱ्या प्रक्षेपकाला सर्वसाधारणपणे हेवी-लिफ्ट म्हणतात, आणि ५० टनांच्या पुढच्याला सुपर हेवी-लिफ्ट. अशा प्रक्षेपकांविषयी वाचताना आपले लक्ष उंची, वजन आणि रेटा यांच्या आकड्यांकडे जाते. या टिपणात आपण एक वेगळा प्रश्न घेऊ: एकाच दशकात, एकाच उद्देशाने बांधलेल्या दोन महाकाय प्रक्षेपकांपैकी एक चंद्रापर्यंत पोहोचला आणि दुसऱ्याचा पहिला टप्पासुद्धा एकदाही पूर्ण जळला नाही, असे का?

दोन देश, दोन आराखडे

अपोलो मोहिमेत सुमारे ४५ टन वजन चंद्राच्या दिशेने पाठवायचे होते. त्यासाठी अमेरिकेने सॅटर्न-५ बांधला. त्याची उंची सुमारे ११० मीटर, वजन सुमारे २,९०० टन, आणि पहिल्या टप्प्यात पाच प्रचंड एफ-१ इंजिने. सोव्हिएत संघाचा एन-१ सुमारे १०५ मीटर उंच होता आणि त्याच्या पहिल्या टप्प्यात तीस इंजिने होती. रेट्याच्या बाबतीत एन-१ सॅटर्न-५ पेक्षाही सरस होता.

तीस इंजिने का? मुख्य अभिकल्पक सर्गेई कोरोल्योव्ह यांना केरोसीन आणि द्रव ऑक्सिजन हवे होते. इंजिनतज्ज्ञ व्हॅलेंटिन ग्लुश्को यांचा आग्रह वेगळ्या, विषारी इंधनांचा होता. मतभेद मिटले नाहीत, म्हणून कोरोल्योव्ह विमानांची इंजिने बनवणाऱ्या निकोलाय कुझ्नेत्सोव्ह यांच्याकडे गेले. त्यांच्याकडे एफ-१ एवढे मोठे इंजिन नव्हते. लहान इंजिने जास्त संख्येने लावणे हाच मार्ग उरला. शिवाय चंद्रमोहिमेला सोव्हिएत सरकारची औपचारिक मंजुरी १९६४ मध्ये मिळाली, म्हणजे अमेरिकेच्या घोषणेनंतर तीन वर्षांनी. जानेवारी १९६६ मध्ये कोरोल्योव्ह यांचे निधन झाले आणि काम वासिली मिशिन यांच्याकडे आले.

एफ-१ चा कंप

मोठे इंजिन म्हणजे सोपे काम, असे समजू नका. १९६२ मध्ये एक एफ-१ चाचणी चालू असताना स्टँडवरच नष्ट झाले. कारण होते ज्वलनकक्षातील दाबाचे अनियंत्रित कंप. त्यावर पूर्ण उत्तर देणारा सिद्धांत हाती नव्हता. अभियंत्यांनी चालू इंजिनात मुद्दाम लहान स्फोट घडवून कंप निर्माण केले आणि ते किती वेळात शमतात हे मोजले. इंधन फवारणाऱ्या तबकडीवर आडव्या-उभ्या पट्ट्या बसवून, छिद्रांची रचना बदलून, पुन्हा चाचण्या घेतल्या. अखेरीस कंप सेकंदाच्या दहाव्या भागात आपोआप शमू लागले. त्यानंतर पाच इंजिनांसह संपूर्ण पहिला टप्पा जमिनीवर घट्ट बांधून चालवला गेला. सॅटर्न-५ च्या १३ उड्डाणांत ६५ एफ-१ इंजिने वापरली गेली आणि त्यांतले एकही उड्डाणात निकामी झाले नाही.

तीस इंजिनांचे गणित

एक इंजिन १०० पैकी ९९ वेळा नीट चालते असे धरू. पाचही इंजिने नीट चालण्याची शक्यता ०.९९ चा पाचवा घात, म्हणजे सुमारे ९५ टक्के. तिसांसाठी हीच शक्यता सुमारे ७४ टक्क्यांवर येते. म्हणजे साधारण चार उड्डाणांत एकदा एखादे इंजिन बिघडणारच. सोव्हिएत अभियंत्यांना हे ठाऊक होते. म्हणून त्यांनी 'कोर्द' नावाची नियंत्रण यंत्रणा बसवली. एखादे इंजिन बिघडले की ती त्याच्या समोरचे इंजिनही बंद करी, म्हणजे तोल राहील.

खरी उणीव दुसरीकडे होती. या इंजिनांतील काही झडपा एकदाच उघडणाऱ्या होत्या, त्यामुळे चाचणी घेतलेले इंजिन उड्डाणासाठी वापरता येत नसे. सहा इंजिनांच्या गटातील दोन तपासायची आणि उरलेली चांगली आहेत असे मानायचे, अशी पद्धत होती. आणि तीस इंजिनांचा संपूर्ण टप्पा जमिनीवर चालवून पाहण्यासाठी स्टँड बांधलाच नाही. वेळ आणि पैसा वाचवायचा होता.

चार उड्डाणे

२१ फेब्रुवारी १९६९ रोजी कंपांमुळे नळी फुटून आग लागली, आणि ७० व्या सेकंदाच्या आसपास कोर्दने सर्व इंजिने बंद केली. ३ जुलै १९६९ रोजी एका ऑक्सिजन पंपाचा स्फोट झाला, जवळजवळ सर्व इंजिने बंद पडली आणि प्रक्षेपक तळावरच कोसळला. अपोलो-११ चे उड्डाण १३ दिवसांवर होते. जून १९७१ मध्ये तीस ज्वालांच्या एकत्रित प्रवाहामुळे प्रक्षेपक स्वतःभोवती फिरू लागला. एकेकटे इंजिन कितीही तपासले असते तरी हा दोष दिसला नसता. २३ नोव्हेंबर १९७२ रोजी टप्पा सुटायला काही सेकंद उरले असताना स्फोट झाला.

पाचव्या उड्डाणासाठी पुन्हा-पुन्हा तपासता येणारी एनके-३३ इंजिने तयार झाली होती. म्हणजे धडा घेतला गेला होता. पण मे १९७४ मध्ये काम थांबवण्यात आले.

आजच्या काळात

या इतिहासातून 'जास्त इंजिने वाईट' असा निष्कर्ष काढणे चूक ठरेल. २०१८ मध्ये फाल्कन हेवी २७ इंजिनांसह यशस्वी झाला. स्टारशिपच्या पहिल्या टप्प्यात ३३ इंजिने आहेत, पण प्रत्येक इंजिन आधी स्वतंत्रपणे आणि मग सर्व मिळून तळावर चालवली जातात. नासाच्या एसएलएसचा मुख्य टप्पा तर मिसिसिपीतील त्याच स्टँडवर तपासला गेला, जिथे सॅटर्न-५ चा टप्पा तपासला होता. जानेवारी २०२१ मधील पहिली चाचणी आठ मिनिटांऐवजी सुमारे ६७ सेकंदांत थांबली. मार्चमध्ये ती पूर्ण झाली आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये उड्डाण यशस्वी झाले. ती ६७ सेकंदांची चाचणी अनेकांनी अपयश मानली. एन-१ च्या चार उड्डाणांशेजारी ठेवली की तिची किंमत कळते.

आपल्या देशासाठीही हा विषय आता पुस्तकी राहिलेला नाही. चंद्रयान-३ नेणारा एलव्हीएम-३ वरील जागतिक वर्गवारीत हेवी-लिफ्टच्या खाली येतो. मात्र सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारने मंजूर केलेला पुढच्या पिढीचा प्रक्षेपक ३० टनांचा असेल. त्याची चर्चा होताना इंजिनांच्या संख्येइतकेच चाचणी स्टँडकडेही लक्ष ठेवा.

स्वाध्याय: ३३ इंजिनांपैकी प्रत्येकाची विश्वसनीयता ९९.५ टक्के आहे. सर्व इंजिने चालण्याची शक्यता काढा. दोन इंजिने बंद पडली तरी उड्डाण पूर्ण होत असेल, तर उत्तर किती बदलते?