मालमोटारीचा खेळ आणि त्याचे हौशी कारागीर

संगणकावर मालमोटार हांकण्याचा खेळ खेळणाऱ्याच्या यंत्रांत ‘मॉड’ या नांवाचा एक लहानसा कप्पा, म्हणजे फोल्डर, असतो. बाहेरून आणलेली एखादी फाइल त्यांत ठेवावी, खेळ सुरू करावा, यादींतून तिची निवड करावी. आणि काल जी गाडी निळी होती ती आज लाल होते, काल जेथें रस्ता संपत होता तेथें आज नवा घाट सुरू होतो. ही करामत खेळ विकणाऱ्या कंपनीची नव्हे. कोणा हौशी माणसानें रात्री जागून, बहुधा एक पैहि न घेतां, केलेलें तें काम असतें. दुसऱ्याच्या मालकीच्या खेळांत असा हात घालण्याची मुभा सामान्य माणसाला कशी मिळाली, आणि त्या मुभेबरोबर कोणतीं बंधनें आलीं, याचा इतिहास सुमारें चाळीस वर्षांचा आहे.

आरंभ चोरपावलांनींच झाला. अमेरिकेंत १९८१ सालीं ‘कॅसल वुल्फेन्स्टाइन’ नांवाचा युद्धखेळ निघाला. १९८३ सालीं कांहीं तरुणांनीं त्यांतील जर्मन सैनिक काढून त्यांच्या जागीं ‘स्मर्फ’ या व्यंगचित्रांतील निळ्या बुटक्यांची सेना उभी केली. ही निव्वळ थट्टा होती. पण तिच्यासाठीं मूळ खेळाच्या तबकडींतच ढवळाढवळ करावी लागली. ही अडचण १९९३ सालच्या डिसेंबरांत दूर झाली. त्या महिन्यांत आलेल्या ‘डूम’ या खेळाच्या कर्त्यांनीं, विशेषतः जॉन कारमॅक यानें, खेळ चालविणारी आज्ञावली एकीकडे आणि चित्रें, आवाज व नकाशे दुसरीकडे अशी वांटणी केली. नाटकगृह तेंच ठेवून पडदे तेवढे बदलावेत, तशी ही सोय होती.

या वांटणीचें महत्त्व मराठी वाचकाला सहज उमगावें. जुन्या पोथ्यांत नकलकार आपल्या पदरच्या ओव्या घुसडीत, आणि त्या मुळांत इतक्या मिसळून जात कीं ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध करण्याचें काम शके १५०६ मध्यें, म्हणजे १५८४ सालीं, एकनाथांना हातीं घ्यावें लागलें. डूमच्या रीतींत हा क्षेपक स्वतंत्र राहतो. तो घालतां येतो तसाच काढतांहि येतो, आणि काढल्यावर मूळ ग्रंथ जसाच्या तसा हातीं राहतो.

मुभा मिळाली तसा मालकीचा प्रश्न उभा राहिला. ‘ड्यूक न्यूकेम थ्री-डी’ या १९९६ सालच्या खेळाबरोबर नवे नकाशे रचण्याचें साधनच दिलेलें होतें. अट एवढीच, कीं रचलेले नकाशे फुकट वाटावेत. मायक्रो स्टार या कंपनीनें लोकांचे असे ३०० नकाशे गोळा करून तबकडीवर विकावयास काढले. १९९८ सालीं अमेरिकेंतील अपील न्यायालयानें तिच्या विरुद्ध कौल दिला. असे नकाशे म्हणजे मूळ कथेचे उत्तरभाग होत आणि त्यांवर हक्क मूळ मालकाचा, असें न्यायालयाचें म्हणणें पडलें. ते नकाशे ज्यांनीं रचले ते लोक मात्र या खटल्यांत पक्षकारच नव्हते. याच्या उलट उदाहरणहि लौकरच घडलें. ‘हाफ-लाइफ’ या खेळावर दोन तरुणांनीं १९९९ सालीं ‘काउंटर-स्ट्राइक’ हा मॉड रचला. तो इतका लोकप्रिय झाला कीं २००० सालीं व्हॉल्व्ह या मूळ कंपनीनेंच तो विकत घेतला आणि त्याच्या कर्त्यांना आपल्या पदरीं ठेविलें.

मालमोटारीचा खेळ या सुमारास आकार घेत होता. रशियांतील नोव्होसिबिर्स्क येथें तयार झालेला ‘हार्ड ट्रक’ १९९८ सालीं आला. प्राग येथें १९९७ सालीं स्थापन झालेल्या एस्‌. सी. एस्‌. सॉफ्टवेअर या कंपनीनें २००२ पासून ‘एटीन व्हील्स ऑफ स्टील’ ही मालिका काढली, २००८ सालीं ‘युरो ट्रक सिम्युलेटर’ काढला, आणि ऑक्टोबर २०१२ मध्यें त्याचा दुसरा भाग प्रसिद्ध केला. या खेळांत युद्ध नाहीं, शत्रु नाहीं. एका गांवचा माल दुसऱ्या गांवीं वेळेवर पोंचवावा, दंड टाळावा, पैसे साठवून स्वतःची गाडी घ्यावी, एवढाच त्याचा संसार. प्रत्यक्षांतील एकोणीस किलोमीटर त्यांत एका किलोमीटरांत मावतात. तरीहि सारा युरोप मावला नाहीं. नॉर्वे, स्पेन, ग्रीस हे देश आरंभीं नव्हते. कंपनीकडून नॉर्वे २०१५ सालीं, स्पेन २०२१ सालीं आणि ग्रीस तर २०२४ सालीं आला. मर्सिडीजच्या घडणीची एक गाडी परवान्याअभावीं ‘मॅजेस्टिक’ या बनावट नांवानें धांवत होती. हौशी मंडळींनीं प्रथम तिचें खरें नांव तिला परत दिलें. मग रंग, कर्णे, दिवे, नवीं इंजिनें आलीं. आणि शेवटीं कोणी थेट देशच रचावयास घेतले. ‘प्रोमॉड्स’ या नांवानें एकत्र आलेल्या अनेक देशांतील लोकांनीं आइसलंडसारखा दूरचा मुलूखहि या नकाशाला जोडून दिला.

हें सर्व चालतें तें एका साध्या व्यवस्थेवर. मॉड म्हणजे फाइलींचें बांधलेलें गाठोडें. गाडीचें वजन, इंजिनाची ताकद, मालाचें भाडें हीं त्यांत साध्या मजकुरानें लिहिलेलीं असतात. खेळ प्रथम स्वतःच्या फाइली वाचतो, नंतर मॉडच्या. आणि त्याच नांवाची, त्याच ठिकाणची फाइल दोन्हींकडे असली तर मॉडची ग्राह्य धरतो. दोन मॉड एकाच गोष्टीवर हक्क सांगूं लागले तर यादींत ज्याचें स्थान वर त्याचें चालतें. नकाशा तर चौकोनी तुकड्यांत विभागलेला असतो. दोघां कारागिरांनीं एकाच तुकड्यावर आपापला रस्ता काढला कीं एकाचा पूल दुसऱ्याच्या डोंगरांत घुसतो. म्हणूनच दोन मोठ्या नकाशांचे रस्ते नीट मिळविण्यासाठीं निराळे लहान जोड-मॉड करावे लागले.

यामुळें मॉड बसविणें ही शिस्तीची गोष्ट झाली. आपल्या प्रवासाची जतन केलेली नोंद आधीं दुसरीकडे उतरून ठेवावी. मॉड खेळाच्या कोणत्या आवृत्तीसाठीं आहे तें पाहावें. एका वेळीं एकच मॉड घालावा व गाडी थोडी चालवून पाहावी. बिघाड झाल्यास खेळ आपल्या रोजनाम्यांत ज्या चुका नोंदवितो त्या वाचाव्यात. २०१६ पासून ‘स्टीम वर्कशॉप’ या सोयीमुळें पुष्कळ मॉड एका कळीसरशी बसूं लागले, तरी क्रम आणि आवृत्ति यांचा विचार खेळणाऱ्यालाच करावा लागतो. कंपनीनें नवी आवृत्ति काढली कीं कालचा मॉड आज निकामी ठरूं शकतो, आणि त्याच्या कर्त्याला पुन्हां दुरुस्तीस बसावें लागतें. ज्या दिवशीं त्याची हौस किंवा सवड संपते त्या दिवशीं त्यानें बांधलेला रस्ताहि बंद पडतो.

पैशाचा प्रश्न तर अद्यापि पुरता सुटलेला नाहीं. एप्रिल २०१५ मध्यें ‘स्कायरिम’ या खेळाचे मॉड विकण्याची व्यवस्था व्हॉल्व्हनें सुरू केली. विक्रीच्या रकमेंतील चौथा हिस्सा कर्त्याचा, बाकीचा दोन कंपन्यांचा. खेळणाऱ्यांत इतका क्षोभ उसळला कीं आठवड्याच्या आंत ती मागें घ्यावी लागली. एकाचा मॉड दुसऱ्यानें आपल्या नांवावर वाटल्याच्या तक्रारी मालमोटारीच्या खेळांतहि होत आल्या, आणि त्यामुळें कित्येक कर्ते आपल्या गाठोड्याला कुलूप घालूं लागले. यांत एक दुःखाची गोष्ट आहे: जी कला दुसऱ्यांचीं गाठोडीं उघडून पाहतां पाहतां शिकली गेली, ती पुढच्या शिकाऊ हातांना बंद होते.

कंपनीलाहि या मंडळींपासून शिकावें लागलें. एकमेकांबरोबर गाड्या हांकण्याची सोय हौशी लोकांनीं २०१४ सालीं स्वतः उभारली. कंपनीची स्वतःची सोय २०२१ सालीं आली. तोंपर्यंत मॉड करणाऱ्यांपैकीं कित्येक जण कंपनीच्याच नोकरींत गेले होते.

भारतापर्यंतहि ही लाट आली. इंडोनेशियांत २०१७ सालीं निघालेल्या बस हांकण्याच्या एका खेळांत भारतीय तरुणांनीं केरळच्या व महाराष्ट्राच्या सरकारी गाड्यांचे रंग चढविले, आणि परक्या बेटांवरच्या रस्त्यांवरून एसटीची लाल गाडी धांवूं लागली. प्रागमधील वा जकार्तामधील कोणत्याहि व्यापाऱ्याला ती गाडी काढण्याचें कांहीं कारण नव्हतें. व्यापारी आधीं गिऱ्हाईक पाहतो, मग रस्ता काढतो; यांत त्याचा दोष नाहीं. पण जेथें गिऱ्हाईक थोडें तेथेंहि माणसें राहतात, आणि नकाशावर आपलें गांव शोधतात. तें गांव न सांपडल्यास स्वतः काढण्याची मुभा एका लहानशा कप्प्यानें त्यांना दिली. तो कप्पा उघडा राहावा यासाठीं मालकानें मन मोठें ठेविलें पाहिजे, आणि त्यांतून फाइल उचलणाऱ्यानें ती बांधणाऱ्याचें नांव पुसतां कामा नये.